साक्षीदार म्हणून माझी सही

नसीम,

तुझी मय्यत उठली तेव्हा मी गल्लीच्या तोंडाशी उभी होते. आत बायकांत येऊन बसायला हवं होतं. तुझ्या लेकीनं, आयेशानं दोनदा हाक मारली, "मंदामावशी, आत या ना." मी नुसती मान हलवली आणि जागची हलले नाही. शेवटी कुणीतरी प्लास्टिकची खुर्ची आणून दिली. त्यांना वाटलं, बाईचे पाय गळाले, जुनी मैत्रीण गेली. मागं दोघी बायका दबक्या आवाजात बोलत होत्या. "थे बँकवाली. नसीमआपाच्या संग कोर्टात गेली होती, नोकरीची पर्वा न करता." मी मान आणखी खाली घातली. लोकांना ते दुःख वाटलं असेल. दुःख होतंच. पण मान त्याच्यामुळे खाली गेली नव्हती.

ते कशामुळे, हे तुला ठाऊक होतं आणि मला. आता मी एकटीच उरले.

आपण टायपिंगच्या क्लासात भेटलो. मी सिंदेवाहीची, चंद्रपुरात मावशीकडे राहून शिकणारी. तू परकोटाच्या आतली, जुन्या तटबंदीतल्या शहरातली, सगळ्यांशी पहिल्याच दिवशी ओळख करून घेणारी. मी वहीच्या मागच्या पानावर सहीचा सराव करत बसायची, म ची शेपटी लांब ओढून, नोकरी लागल्यावर शोभावी म्हणून. तू हसायची. "सही करून राह्यली का नागोबा काढून राह्यली?" दीड महिन्यात तू क्लास सोडलास. "मशीनच चालवायची तर शिलाईची काऊन नाई? निदान कोणाच्या अंगावर तरी दिसते."

माझ्या लग्नात ब्लाउज खांद्यात घट्ट झाला तेव्हा तू मला हळदीच्या अंगानं उभी करून, तोंडात टाचण्या धरून, तो अंगावरच उसवून शिवलास. वरात दारात आली होती आणि तू म्हणत होतीस, "थांबू दे नवरदेवाले. हात वर कर." एकही टाचणी टोचली नाही.

आपला एक वाद कधी मिटला नाही. मी म्हणायची, कागद म्हणजे कागद. माणूस फिरतो, कागद फिरत नाही. तू म्हणायचीस, "कागदाले काय कळते? लिहिणारा जे लिहील थेच तो बोलते." बँकेत राहून राहून मला कागदाचा गर्व झाला होता. तुझ्यासारख्या, चिठ्ठीवर मापं लिहून चिठ्ठी हरवणाऱ्या बाईनं मला कागदाबद्दल शिकवावं, याचं मला हसू यायचं.

कर्जासाठी तुला बँकेत मीच आणलं. नवरा गेल्यावर तू घरात शिवत होतीस, शाळांच्या गणवेशाची मोठी कामं चालून येत होती, मशिनी कमी पडत होत्या. "आमच्याच शाखेत ये," मी म्हणाले, "घर तुझ्या नावावर आहे, ते तारण ठेवलं की झालं." तू घराचे कागद ओढणीत गुंडाळून आणलेस. बाजारात गाळा भाड्यानं घेतलास, बायका कामाला ठेवल्यास. चार वर्षं एकही हप्ता चुकला नाही. मग लॉकडाऊन आला, शाळा बंद झाल्या. तुझ्याकडे निळ्या पिनोफ्रॉकचे आणि पांढऱ्या शर्टांचे ढीग छतापर्यंत गेले. शाळा उघडल्या तोवर पोरं वाढली होती, मापं बदलली होती आणि निम्म्या शाळांनी गणवेशही बदलले होते. तू गाळा सोडलास, मशिनी घरी आणल्यास. हप्ते थकले. बँकेची पहिली नोटीस आली, मग घराचा ताबा घेतल्याची नोटीस, नुसती कागदावरची. तू जमेल तसं भरत राहिलीस आणि साहेब "भरत राहा, बघू" म्हणत राहिले. मलाही खरंच वाटत होतं की निभेल.

त्या दिवशी सकाळी तुझा फोन आला. तू गडचिरोलीच्या सरकारी दवाखान्यात होतीस. आयेशाला सातव्याच महिन्यात कळा सुरू झाल्या म्हणून दोन दिवसांपूर्वी धावत गेली होतीस. "मंदे, नातू झाला. मूठभर हाये, काचेच्या पेटीत ठेवलाय. दुआ कर." तू रडत होतीस आणि हसत होतीस. मीही काउंटरवर डोळे पुसले.

दुपारी साडेचारला साहेबांनी माझ्या टेबलावर एक कागद ठेवला. ते बाहेरून बदलून आलेले, वरून रोज विचारणा, वाईट माणूस नव्हे. "मंदाताई, साक्षीदार म्हणून इथं सही करा. स्थानिक माणूस लागतं." तो पंचनामा होता, तुझ्या घराच्या लिलावाच्या नोटिशीचा. विकण्याआधी कर्जदाराला तीस दिवसांची नोटीस द्यावी लागते. ती दिली, असं त्यात लिहिलं होतं. कर्जदार बाईंना समक्ष नोटीस देऊ केली, त्यांनी ती घेण्यास नकार दिला, म्हणून साक्षीदारासमोर दारावर चिकटवली. मी त्या दिवशी शाखेबाहेर पाऊलही टाकलं नव्हतं. मी सही केली, पर्स उचलली आणि भाजी घ्यायला गेले.

मी वाचलं नाही. किती वर्षं मी स्वतःला हेच सांगत आले. रोज शंभर कागदांवर सह्या करते, वाचलं नाही.

आणि तुला फोन केला नाही. आज सांगेन, उद्या सांगेन. मग वाटलं, लिलावाची जाहिरात पेपरात आलीच असेल, तुला कळेलच. मग वाटलं, तिथं बाळ पेटीत आहे, आत्ता कसं सांगायचं. तुझ्या काळजीच्या नावाखाली मी माझं तोंड लपवत गेले आणि तीस दिवस निघून गेले.

बाळ जरा सावरल्यावर तू घरी आलीस. तिसऱ्या दिवशी एक माणूस टेप घेऊन तुझ्या दारात उभा राहिला. कोरपन्याकडचा ठेकेदार, सभ्य माणूस. मिस्त्रीला घेऊन आला होता. "बाई, सांडपाणी कुठून जाते?" त्यानं विचारलं. तुला वाटलं नगरपालिकेचा असेल. तू त्याला मोरीपर्यंत नेऊन दाखवलंस. पाणी विचारलंस. पाणी पिऊन त्यानं सांगितलं की हे घर त्यानं लिलावात घेतलंय.

तू तशीच माझ्याकडे आलीस. पायात दोन वेगळ्या चपला होत्या. मी भात गॅसवरून उतरवत होते.

"मंदे, लिलाव कधी झाला?"

"मले माहीत नाई."

"नोटीस कधी लागली? मले कोणी काऊन नाई सांगितलं? तू तिथंच बसतेस ना?"

"थे सेक्शन वेगळं आहे, नसीम. आमच्याकडे थे कागद येतच नाईत."

हे मी तुझ्या डोळ्यात बघून म्हणाले. तू लगेच विश्वास ठेवलास. उलट मलाच म्हणालीस, "तू नको घाबरू. तुझी नोकरी हाये."

तुझ्या जावयानं नागपूरच्या एक वकीलबाई शोधल्या. त्यांनी सांगितलं, अजून मुदतीत आहोत, कर्जवसुलीच्या न्यायाधिकरणात अर्ज करता येतो. बँकेनं नियम पाळला नसेल तर लिलाव रद्दही होतो. पहिल्याच तारखेला स्थगिती मिळाली, विक्री कायम करू नये, घराचा ताबा घेऊ नये. अट एकच, थकबाकीतला काही भाग भरायचा. मी माझ्या पाटल्या घेऊन आले तुझ्याकडे. खरं सांगते, त्या देऊन मोकळं व्हावं एवढंच माझ्या मनात होतं. तू त्या माझ्या हातात परत घातल्यास. मशिनी विकल्यास, एक ठेवलीस. म्हणालीस, "पाटल्या नको. एकदा फक्त माह्यासंग चाल. तिथं कोणी ओळखीचं नसते, मले भ्या लागते."

म्हणून मी आले. बँकेत आजारी असल्याचं कळवून, तोंडाला स्कार्फ बांधून, पहाटेच्या बसनं नागपूरला. लोक ज्याला माझं धाडस म्हणतात, ते एवढंच.

बाहेरच्या बाकावर आपण तिघी बसलो होतो. बँकेचं उत्तर त्याच दिवशी आलं होतं. वकीलबाईंनी पानं उलटली आणि पंचनामा तुझ्यापुढे धरला. मला उठून जायचं होतं. उठता येईना.

"यात लिहिलंय, तुम्ही समोर उभ्या राहून नोटीस नाकारली."

"कधीची तारीख हाये?"

त्यांनी तारीख सांगितली. "तवा तं मी गडचिरोलीले होती," तू म्हणालीस. "त्याच दिवशी नातू झाला."

"आणि हा फोटो बघा. हे तुमचं दार आहे का?"

फोटोत लोखंडी शटर होतं. तू सोडून दिलेल्या गाळ्याचं.

वकीलबाईंचा आवाज चढला. "मग हा साक्षीदार कोण? नाव नाही, नुसती सही आहे. बँकेकडून नाव मागवते. या माणसानं शपथेवर सांगितलं की मी तिथं नव्हतो, तर आपलं काम लवकर होईल. ओळखता का ही सही?"

तू कागद जवळ घेतलास. म ची शेपटी अर्धी ओळ ओलांडून गेली होती. तू तिच्याकडे बघितलंस. किती वेळ, मला सांगता येणार नाही. माझ्याकडे बघितलं नाहीस.

"ओळखत नाई."

"मग नाव मागवूया."

"नको, मॅडम. असंल कोणी नोकरीवाली. तिले नोकरीवरून काऊन उठवायचं? माह्याजवळ दवाखान्याचे कागद हायेत ना, त्याच्यावरच लढा."

त्यांनी तुला दोन-तीनदा समजावलं. वेळ लागेल, म्हणाल्या. तू म्हणालीस, लागू द्या.

ती वेळ होती, नसीम. मी स्कार्फ सोडून म्हणायचं होतं, मॅडम, ही सही माझी आहे, कुठं लिहून देऊ? नोकरी गेलीच असती असंही नाही. चौकशी झाली असती, बदली झाली असती, एखादी वेतनवाढ थांबली असती. त्याऐवजी मी विचारलं, "चहा घेता का, मॅडम?" मी चहा आणायला गेले.

परतीच्या बसमध्ये तू डबा उघडलास. पोळीत अंड्याची पोळी गुंडाळून आणली होतीस. अर्धी मला दिलीस. नातू आता बोट घट्ट धरतो, असं सांगत राहिलीस. मी खाल्लं. अजूनही मला त्याचंच सगळ्यात आश्चर्य वाटतं. मी ते पूर्ण खाल्लं.

त्यानंतर दीड वर्ष गेलं. बँकेचा वकील मुदत मागायचा, तारीख पुढं जायची, तू पुन्हा पहाटेची बस धरायचीस. मला सोबत चल असं तू परत कधी म्हणाली नाहीस. मीही विचारलं नाही. एका तारखेला चपलेनं अंगठ्याला फोड आला. तुझी साखर वाढलेली. फोड चिघळला, अंगठा काढावा लागला, आणि तिथून तुझी तब्येत उतरतच गेली. या तारखांमुळे झालं असं कोणता डॉक्टर म्हणाला नाही. मी म्हणते. त्या बाकावर मी तोंड उघडलं असतं तर यातल्या किती तारखा पडल्या नसत्या, याचा हिशेब मी मांडायला बसते आणि अर्ध्यावर उठते.

निकाल तुझ्या बाजूनं लागला. नोटीस दिल्याचं बँकेला सिद्ध करता आलं नाही, दवाखान्याच्या कागदावरची तारीख बोलली, शटरचा फोटो बोलला. लिलाव रद्द झाला. ठेकेदाराचे पैसे परत करायचे, विकायचं असेल तर बँकेनं पुन्हा पहिल्यापासून नियमानं नोटीस द्यायची. ती यायच्या आत तू, जावई आणि तुझा भाऊ यांनी मिळून तडजोडीची रक्कम उभी केलीत. घर सुटलं. मला फोन केलास तेव्हा ओरडत होतीस, "मंदे, कागद बोलला बघ! तूच म्हणत होती ना?" मला कळेना, तू मला चिडवते आहेस की खरंच आनंदानं सांगते आहेस. आजही कळत नाही.

तू मला कधी विचारलं नाहीस. ईदला बोलावणं थांबवलं नाहीस, शीरखुर्म्याची वाटी पुढं करताना हात आखडला नाही. मला वाटायचं, कधीतरी भांड. ताट आपट. तुझ्या जिभेला काय धार होती, गल्लीला माहीत आहे. माझ्या वाट्याला तू ती धार येऊ दिली नाहीस. त्याला माफी म्हणायचं का? का मी तुझ्यासाठी त्या दिवशीच संपले आणि पुढं जी येत राहिली ती कुणीतरी पाहुणी होती? हे विचारायचं राहिलं. खरं तर राहिलं नाही, मी विचारलंच नाही.

गेल्या वर्षी घर आयेशाच्या नावे करायचं तू ठरवलंस. बक्षीसपत्राला दोन साक्षीदार हवे होते. एक तुझा भाऊ. दुसऱ्यासाठी मला फोन केलास. मी म्हणाले, "दुसरं कोणी बघ ना, मले सुट्टी नाई." "सुट्टी टाक," तू म्हणालीस. "तूच पाह्यजे."

निबंधक कार्यालयात गर्दी होती. तू काठी टेकून उभी होतीस. कारकुनानं कागद माझ्यापुढे सरकवला, बोट ठेवून म्हणाला, "इथं." मी पेन टेकवलं. तेव्हा तू हळूच म्हणालीस, "वाचून सही कर, बाई."

एवढंच. रागानं नाही, टोमण्यानंही नाही. पोरीला रस्ता बघून ओलांड म्हणावं तसं. मी पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचलं. मागचे लोक कुरकुरले. तू त्यांना म्हणालीस, "थांबा जरा." तू त्या दिवशी मला काय परत दिलंस ते मला कळलं, आणि त्यासाठी मी जन्मभर तुझी ऋणी आहे. पण त्याच उपकारानं मी आणखी खाली गेले. कारण तुला वाटत होतं, त्या वेळी मंदानं न वाचता सही केली असेल. तू माझ्यासाठी तेवढी जागा ठेवली होतीस.

नसीम, मी वाचलं होतं.

त्या दुपारी साडेचारला मी पंचनामा वाचला. तुझं नाव वाचलं. 'नकार दिला' वाचलं. सकाळचा तुझा आवाज कानात होता. मला माहीत होतं की हे खोटं आहे. साहेबांना नाही म्हणायला दोन मिनिटं लागली असती. ती मला जड वाटली.

परवा मी आयेशाकडे गेले. ती तुझी कोर्टाची फाईल उघडून बसली होती. "मावशी, हे सारे कागद ठेवू का फेकू? आता काय कामाचे?" मी फाईल मांडीवर घेतली, पंचनामा काढला आणि तिच्यापुढे ठेवला.

"ही सही माझी आहे, बेटा."

तिला आधी समजलंच नाही. मग तिनं पुन्हा वाचलं, तारखेशी थांबली.

"हा तं छोटूचा जन्मदिवस हाये."

"हाव."

"तुम्ही घरी आल्या होत्या नोटीस घेऊन?"

"नाई. कोणीच आलं नव्हतं. मी बँकेत बसून सही केली."

"अम्मीले माहीत होतं?"

"हाव. नागपूरले पाह्यलं तिनं. मी बाजूलेच बसून होती."

मग तिनं तो प्रश्न विचारला जो तू कधी विचारला नाहीस. "काऊन केलं, मावशी?"

मी कितीतरी उत्तरं तयार करून गेले होते. साहेबांचं दडपण, नोकरी, घरच्या अडचणी. तिच्या समोर एकही टिकेना. "साहेबाले नाई म्हणायचं भ्या वाटलं," मी म्हणाले. "अन् घरी जायची घाई होती."

"अन् त्याच्यानंतर?"

"त्याच्यानंतर लाज वाटली."

आयेशा रडली नाही. तिनं कागद एकावर एक जुळवले, फाईलची दोरी बांधली. तुझ्यासारखं 'जाऊ द्या' ती म्हणाली नाही. "माह्या अम्मीचा अंगठा कापला तवा तुम्ही दवाखान्यात डबा आणत होत्या," ती म्हणाली. "मी तुमच्या पाया पडली होती." मग उठून तिनं दार पूर्ण उघडलं. "मावशी, आता जा तुम्ही. अन् अम्मीच्या चाळिसव्या दिवसाच्या दुआले येऊ नका."

मी "बरं" म्हणाले. चपला घातल्या आणि निघाले.

मी येणार नाही, नसीम. तुझी पोर बरोबर आहे. तरी तिनं येऊ नका म्हटल्याचं मला दोन दिवस वाईट वाटतंय, आणि वाईट वाटतंय याचीही लाज वाटते.

तुझी,
मंदा